आभाळातला माणूस

मी एक फिल्म केली आहे, एकवीस मिनिटांची. तिच्यात माणूस एकही नाही, नुसत्या सावल्या आहेत, आणि त्या सगळ्या माझ्या आईच्या आहेत. प्रायोगिक म्हणतात तसली. फिल्म पूर्ण आहे, आवाज लावून झाला आहे, रंग बसवून झाले आहेत, तरी ती मी कुणाला दाखवत नाही. ज्यांनी मागितली त्यांना हार्ड डिस्क गेली म्हणून सांगितलं, आणि थाप मारताना मला जराही लाज वाटली नाही. खरं कारण डोळ्यांचं आहे. आधी माझ्या आणि मग आईच्या.

पोटासाठी मी लग्नं शूट करते, कंपन्यांचे व्हिडिओ करते. वीस वर्षं उजवा डोळा व्ह्यूफाइंडरला आणि डावा मिटलेला. आता समोर मोठा मॉनिटर असतो, डोळा मिटायची काही गरज नसते, पण सवय जात नाही. काहीही निरखून बघायचं म्हटलं की माझा डावा डोळा आपोआप मिटतो. यामुळे एकदोन लग्नांत नवऱ्याकडच्या मंडळींचे भलतेच गैरसमज झाले आहेत. सांगायचा मुद्दा हा की जगाकडे मी एकाच डोळ्याने बघते, आणि त्या डोळ्याचा मला भारी गर्व होता.

घर हडपसरला. पूर्वी ते गावात होतं, आता बिल्डिंगांच्या मधे सापडलं आहे. वडील जाऊन सात वर्षं झाली. तेव्हापासून घरात मी आणि आई दोघीच. पश्चिमेला, जिथे भावकीचा ऊस असायचा, तिथे बावीस मजली टॉवर उभा आहे. उन्हाळ्यात तीनच्या सुमारास त्याची सावली आमच्या गच्चीवर चढते. आधी टाकीवर येते, मग कठड्यावरून खाली उतरते, आणि पाच मिनिटांत सगळी गच्ची गिळते. आई त्या सावलीला ‘त्यो’ म्हणते. “त्यो आला बघ, उचल कुरडया.” पाहुणे दचकून जिन्याकडे बघायचे.

फिल्मची कल्पना लहानपणच्या एका खेळातून आली. मे महिन्याच्या सुट्टीत आम्ही पोरं भर उन्हात मोकळ्या रानात उभी राहायचो. सूर्य पाठीशी, सावली समोर. आपल्या सावलीच्या गळ्यावर नजर रोखायची, पापणी न हलवता शंभर आकडे म्हणायचे, आणि झटकन वर आभाळात बघायचं. वर एक भलामोठा पांढरा माणूस उभा असायचा. आपल्याच आकाराचा. त्याला आम्ही ‘आभाळातला माणूस’ म्हणायचो. तो चारपाच श्वास टिकायचा आणि विरून जायचा. पोरं किंचाळायची, पुन्हा खाली बघून आकडे म्हणायला लागायची.

मोठी माणसं या खेळाला रागवायची. कारण शेजारच्या एका म्हातारीने सांगून ठेवलं होतं, की ज्याच्या आभाळातल्या माणसाला मुंडकं नसतं तो सहा महिन्यांत जातो. आमची आई हे अगदी गंभीरपणे सांगायची. आम्ही पोरं मात्र एकमेकांना विचारायचो, “तुझ्याला मुंडकं हाय का?” आणि सगळे ओरडायचे, “हाय!”

हा खेळ पडद्यावर करायचा, अशी माझी कल्पना. आईची काळी सावली पांढऱ्या गच्चीवर चाळीस सेकंद स्थिर ठेवायची. गळ्याच्या जागी एक लाल ठिपका, प्रेक्षकाची नजर तिथे बांधून ठेवायला. मग एकदम सगळा पडदा पांढरा करायचा. पडद्यावर काही नाही, तरी प्रत्येकाला माणूस दिसणार. तो मी काढलेला नसणार, ज्याने त्याने आपल्या डोळ्याने काढलेला असणार. मला ही कल्पना फार आवडली होती. फिल्ममधलं मुख्य पात्र फिल्ममध्ये नाहीच, हे मी भेटेल त्याला ऐकवत सुटले होते.

आईला काही ऐकवायची सोय नव्हती. “जितं मानूस सोडून सावलीत काय बघायचं गं?” असं म्हणून ती कामाला लागली. तिचं काम म्हणजे उन्हाळ्याचं वाळवण. भल्या सकाळी गव्हाचा चीक शिजवायचा, तो सोऱ्यात भरून गच्चीवरच्या धोतरावर कुरडया घालायच्या, मग सांडगे, मग बटाट्याचा कीस. वय अडुसष्ट, चष्मा नाही. मी तिच्या डोळ्यांचं सगळ्यांपुढे कौतुक करायचे.

पहिल्या दिवशी मी कॅमेरा लावत होते तेव्हा तिने विचारलं, “पडती का गं माझी सावली?”

“म्हणजे?”

“न्हाय, नीट पडती का. समदी पडती का.”

“आई, तू काय भूत आहेस का?” मी हसत म्हटलं. ती हसली नाही. माझ्या उत्तराची वाट बघत तशीच उभी राहिली. शेवटी मी म्हटलं, “पडते बाई, सगळी पडते,” तेव्हा कुठे ती हलली.

आणि उभी राहायची तर कशी! माणूस स्थिर उभा राहिला तरी श्वासाने हलतो, तोल एका पायावरून दुसऱ्या पायावर जातो. मोठमोठ्या कंपन्यांचे साहेब मी कॅमेऱ्यासमोर दहा सेकंदांत चुळबुळ करताना बघितले आहेत. आई चाळीस सेकंद, कधी पूर्ण मिनिट, अशी उभी राहायची की फुटेज थांबलंय की चालू आहे हे कळू नये. फक्त पदराचं टोक वाऱ्याने हलायचं. एकदा मला इतकं कसंतरी झालं की मी ‘कट’ म्हणायच्या ऐवजी “आई!” अशी हाक मारली. ती म्हणाली, “हाय, हाय इथंच.”

दीड महिना मी तिला बघत होते. रोज पाच तास, उजव्या डोळ्याने.

मेच्या शेवटी पहिलं संकलन तयार झालं. माझा एक मित्र संकलन करतो. त्याची खोली बुधवार पेठेत, खाली स्पीकर आणि वायरींची दुकानं, वर हा पडदे लावून अंधारात बसलेला. दुपारची वेळ होती. लाल ठिपका अजून टाकला नव्हता म्हणून त्याने बायकोच्या पाकिटातली एक टिकली आणून मॉनिटरवर सावलीच्या गळ्याशी चिकटवली. “चला, बघा टिकलीकडे,” म्हणाला. चाळीस सेकंद झाली, पडदा पांढरा झाला.

“आईशप्पथ,” तो म्हणाला. “काय दिसतेय काकू. पदर सुद्धा दिसतोय डोक्यावरचा.”

मला खांदे दिसत होते. हात दिसत होते, साडीचा घेर दिसत होता. खांद्यांच्या वर काही नव्हतं. पांढऱ्यावर पांढरा, नीट कापल्यासारखा, डोकं नसलेला माणूस.

“डोकं कुठे उडवलंस?” मी म्हटलं.

“तू शूट केलंस, मी नुसतं जोडलं. मला कशाला विचारतेस?”

त्याने पुन्हा लावलं. सावलीला डोकं होतं, मी मोजून बघितलं म्हणा ना. पण पडदा पांढरा झाला की नाही. तिसऱ्यांदाही नाही. मी पिशवी उचलली आणि निघाले. खाली गणपतीच्या दर्शनाला ही गर्दी, हारवाले ओरडत होते, आणि मी ऊन पडलेल्या रस्त्यावर माझ्याच सावलीकडे बघायचं टाळत बसस्टॉपपर्यंत चालत गेले.

मी असल्या गोष्टींवर विश्वास ठेवणारी बाई नाही. आईशी या विषयावर मी आयुष्यभर भांडत आले. ग्रहणात जेवले, मुद्दाम. पण तेव्हा बसमध्ये बसून मी बोटांवर महिने मोजले, सावली आईची आणि बघणारी मी, तर नेमके कुणाचे हे न ठरवताच. जून, जुलै, ऑगस्ट. नोव्हेंबरपर्यंत येऊन थांबले, आणि स्वतःची इतकी चीड आली की शेजारच्या बाईकडे रागाने बघितलं. तिने पिशवी उचलून मांडीवर घेतली.

घरी आल्यावर मी आईला लॅपटॉपसमोर बसवलं. का बसवलं, ते आज नीट सांगता येणार नाही. बहुतेक मला कुणीतरी ‘आहे डोकं’ म्हणायला हवं होतं. टिकली लावली, गळ्याकडे बघायला सांगितलं. पडदा पांढरा झाला तशी आई आणखी ताठ झाली.

“काय दिसलं?”

“दिसलं की,” ती म्हणाली. “मानूस दिसला. चांगला डोक्यासकट.”

डोक्याबद्दल मी काही विचारलंच नव्हतं. ते मला तेव्हाच खटकलं, आणि मी ते सोडून दिलं. मला माझ्या भीतीतून वेळ नव्हता.

पुढचे चार दिवस वाईट गेले. गच्चीवर जायची छाती होईना. आरशासमोर केस विंचरताना मान आहे ना, हे हाताने चाचपायचे. ‘त्यो’ तीन वाजता यायचा, आणि आपण खालच्या खोलीत असलो तरी तो वर फिरतोय असं वाटायचं. शेवटी पाचव्या दिवशी धंद्याची अक्कल उपयोगी पडली. चित्रात काळा डाग दिसला तर आम्ही आधी लेन्स बदलून बघतो. डाग गेला तर दोष लेन्सचा, राहिला तर कॅमेऱ्याचा. मी लॅपटॉप उघडला. नेहमीसारखा डावा डोळा मिटून बघितलं, डोकं नाही. मग, आयुष्यात बहुधा पहिल्यांदाच, उजवा मिटला आणि डावा उघडा ठेवला. पांढऱ्या पडद्यावर आई अख्खी उभी राहिली, डोक्यावर पदर घेऊन.

दोष लेन्सचा होता. मी मोठ्याने हसले आणि लगेच गप्प झाले, कारण ती लेन्स बदलून मिळत नाही.

डोळ्यांच्या डॉक्टरबाई पेठेतल्या, साठीच्या, शब्द मोजून वापरणाऱ्या. निरनिराळ्या यंत्रांवर दोन तास बसवल्यावर म्हणाल्या, “काचबिंदू आहे. उजव्या डोळ्यात, वरचा भाग जायला लागलाय.”

“पण मला तर सगळं नीट दिसतं.”

“तसंच वाटतं. गेलेल्या जागी काळं दिसत नाही. मेंदू आजूबाजूचं आणून भरतो. आणि दुसरा डोळा सांभाळून घेतो. डोळे दोन असतात, हे तुम्हा कॅमेरावाल्यांना सांगावं लागतं.” मग थेंबांचं नाव लिहीत म्हणाल्या, “लवकर सापडलाय, नशीब समजा. गेलेलं परत येत नाही. उरलेलं राखायचं. घरात कुणाला आहे?”

“कुणालाच नाही. आई अडुसष्टची आहे, बिनचष्म्याची कुरडया घालते.”

“त्यांना घेऊन या.”

“तिला काही त्रास नाही हो.”

“मी विचारलं नाही. सांगितलं.”

त्या दिवशी घरी जाऊन मी सगळं कच्चं फुटेज काढून बसले. आईच्या हाताच्या सावलीचा एक शॉट होता, मला सर्वांत आवडलेला. सोऱ्या धरलेला हात येतो, धोतराच्या काठाशी थांबतो, करंगळी काठावरून हळूहळू सरकते, शेवटच्या कुरडईला जरासा स्पर्श करते, आणि मग पुढची कुरडई पडते. मी त्या थांबण्यावर खूश होते. त्याला आणखी संथ केलं होतं. मित्राला म्हटलं होतं, काय लय आहे बघ बाईच्या हाताला. आता मी तोच शॉट वीस वेळा बघितला, आणि मला दिसलं की तो हात वाट चाचपत होता. प्रत्येक कुरडईला. दीड महिना. माझ्यासमोर.

आई गच्चीवर होती. मी वर गेले, कठड्याशी तिच्या शेजारी उभी राहिले आणि सरळ विचारलं, “आई, त्या दिवशी लॅपटॉपवर मुंडकं दिसलं नव्हतं ना तुला?”

ती धोतराची घडी करत राहिली. मग म्हणाली, “आता काय ते. त्याला झाली सा वर्सं.”

मला वाटलं मी चुकीचं ऐकलं. पण नाही. वडिलांचं वर्षश्राद्ध झाल्यावर, एका सकाळी, ती एकटीच इथे उभी होती. सहज आठवण झाली म्हणून तिने लहान पोरांसारखं सावलीकडे बघितलं, आकडे म्हटले आणि मान वर केली. आभाळातल्या माणसाला मुंडकं नव्हतं. दुसऱ्या दिवशीही नव्हतं. तिने कुणाला सांगितलं नाही. त्या वर्षी तिने पितळेची भांडी भाच्यांना वाटली होती, चांगल्या साड्या देऊन टाकल्या होत्या, माझ्यासाठी दोन वर्षांचं लोणचं घालून ठेवलं होतं. आम्ही सगळे म्हणायचो, नवरा गेल्यावर विरक्ती आली बाईला.

“मग?”

“मग काय. सा महिनं झालं, दिवाळी झाली, मी आपली हायच. म्हनलं, चुकलं असंल काई. पर मग मानसं जायला लागली.”

“कुठे जायला लागली?”

“जायला म्हंजी, दिसंनाशी व्हायला लागली. बाजूला बसलेलं मानूस बसल्याजागी न्हाय व्हायचं. आवाज यायचा, मानूस न्हाय. तू जिन्यावरनं यायचीस, तर येताना न्हाय दिसायचीस, एकदम म्होरं उगवायचीस.” ती हे सगळं भाजीचा भाव सांगावा तसं सांगत होती. “तवा माझ्या ध्यानात आलं. मी गेलेलीच हाय. सा महिन्यांतच गेले. नुसती इथली हालचाल बंद व्हायची ऱ्हायली हाय. म्हनलं, गेल्यावर असंच असत असंल, येकयेक मानूस कमी व्हत जात असंल. म्हनून तर तुला इचारलं, सावली पडती का माझी.”

मला तिच्यावर ओरडायचं होतं. सहा वर्षं! एक शब्द बोलली असतीस तर थेंब घालून सगळं वाचलं असतं. ओरडलेही. “तू जिवंत आहेस, तुला काचबिंदू आहे, मेलेल्या माणसाला कुणी कुरडया घालायला लावतं का!” असं काहीतरी फार मोठ्याने बोलले. टॉवरच्या चौथ्या मजल्यावर एक बाई कपडे वाळत घालायची थांबून बघत होती. आई शांत होती. तिने हात पुढे केला, माझा चेहरा जिथे असेल असं तिला वाटलं तिथे, आणि तो माझ्या खांद्याला लागला. “रडती का काय?” ती म्हणाली. मी रडत होते. तिच्यासमोर दोन फुटांवर उभी राहून रडत होते, आणि तिला ते विचारावं लागलं.

दोन दिवसांनी मी तिला पेठेत घेऊन गेले. रिक्षात तिने माझा दंड घट्ट धरला होता. पण दवाखान्यात शिरताच पदर सारखा करून खुर्चीत अशी बसली, जणू दुसऱ्या कुणाला दाखवायला आली आहे. डोळ्यांत थेंब घातले, दाब मोजला, डॉक्टरबाईंनी बराच वेळ आत डोकावून बघितलं आणि चिठ्ठीवर लिहिलं, नजरेच्या घेराची तपासणी.

ती तपासणी एका छोट्या अंधाऱ्या खोलीत असते. मोठ्या पांढऱ्या घमेल्यासारख्या यंत्रात हनुवटी टेकवायची, एक डोळा पट्टीने झाकायचा, मधल्या पिवळ्या खुणेकडे बघत राहायचं. घमेल्यात इथे तिथे बारीक दिवे लागतात. दिवा दिसला की हातातलं बटण दाबायचं. माझी तपासणी झाली तेव्हा मी टकटक बटण दाबत सुटले होते. तिथल्या मुलीने आईला सगळं दोनदा समजावलं. “चुकलं तरी चालेल, आजी. परीक्षा नाही ही.”

“न्हाय चुकनार,” आई म्हणाली.

उजव्या डोळ्यापासून सुरुवात केली. मी मागे स्टुलावर बसले होते. यंत्राचा हलका आवाज सुरू झाला, दिवा बदलताना होतो तसा, थांबून थांबून. मी बटणाची वाट बघत होते. आईची पाठ ताठ, जराही हलत नव्हती, श्वाससुद्धा दिसत नव्हता. मुलीच्या समोरच्या पडद्यावर एकेक चौकोन काळा होत होता. मी आधी तिकडे बघितलं, मग बघायचं सोडून दिलं. कान मात्र बंद करता येत नाहीत. पाच मिनिटं झाली असतील. एकदाही टक् झालं नाही.

मग अंधारात आईचा आवाज आला. मान न हलवता, अदबीने, परक्या ठिकाणी आपल्यामुळे कुणाचा खोळंबा होऊ नये अशा बेताने.

“ताई,” ती म्हणाली, “मी तयार हाय. दिवं कवा लावनार?”

मुलीने माझ्याकडे बघितलं.

“लावते हं, आजी,” ती म्हणाली.

यंत्र चालूच होतं. आईने बटणावरचा अंगठा जरा नीट सरकवून घेतला.